बसण्याचं भाडं

एक पौंड म्हणजे साधारण ४५४ ग्रॅम दळलेली कॉफी. तिच्यावर उकळीच्या जरा खालचं, ९२ ते ९६ अंशांचं दोन गॅलन पाणी सोडलं, की चोथ्यात मुरलेलं वजा जाता साडेपाच औंसांचे चाळीस कप निघतात. पौंडाचा भाव एक डॉलर धरू. १९५४ मध्ये अमेरिकेच्या किरकोळ बाजारात तो याच्याही वर गेला होता. म्हणजे एका कपात अडीच सेंटांची कॉफी. कप विकायचा दहा सेंटांना आणि गिऱ्हाइकाने मागायच्या आत तो आणखी दोनदा भरायचा. तीन कपांत साडेसात सेंट गेले. उरलेल्या अडीच सेंटांत दूध, साखर, गॅस, भांडी घासणाऱ्याची मजुरी, वेट्रेसचा पगार आणि जागेचं भाडं बसवायचं. ते बसत नाही.

दुसऱ्या महायुद्धानंतरची पंचवीस-तीस वर्षं अमेरिकेतली कॉफी शॉपं हा न बसणारा हिशोब रोज मांडत होती आणि तरीही चालत होती. दहा सेंटांत माणूस तासभर बसायचा, शेजाऱ्याने टाकून दिलेलं वर्तमानपत्र वाचायचा, पाळी सुटलेल्या कामगाराशी दोन शब्द बोलायचा. २०२३ मध्ये अमेरिकेच्या सर्जन जनरलने, म्हणजे सरकारच्या प्रमुख आरोग्य अधिकाऱ्याने, एकटेपणा हा सार्वजनिक आरोग्याचा प्रश्न असल्याचं पत्रक काढलं. तेव्हापासून लोकांनी एकत्र बसायच्या जागा कुठे गेल्या, ही चर्चा तिथे जोरात आहे आणि या दुकानांची आठवण त्यात हमखास निघते. लोक माणसांच्या मोकळेपणाबद्दल बोलतात, निऑनच्या पाट्यांबद्दल बोलतात. तो मोकळेपणा खरा होता. पण त्या खुर्चीचं भाडं कुणीतरी भरत होतं. बसणाऱ्याच्या बिलावर ते छापलेलं नसायचं, इतकंच. ते कोण भरत होतं हे पाहिल्याशिवाय अशा जागा परत कशा उभ्या करायच्या हे कळणार नाही, असं माझं ठाम मत आहे.

आधी शब्दाचा घोळ दूर करायला हवा. आज पुण्या-मुंबईत कॉफी शॉप म्हटलं की एस्प्रेसोचं यंत्र आणि लॅपटॉप डोळ्यांसमोर येतात. १९५० च्या अमेरिकेतलं कॉफी शॉप आपल्या इराण्याच्या जास्त जवळचं होतं. दिवसाच्या कुठल्याही वेळी अंडी, टोस्ट, सूप, हॅम्बर्गर, अ‍ॅपल पाय, आणि सोबत काचेच्या भांड्यातून ओतलेली साधी कॉफी. न्यूयॉर्कच्या ग्रीनिच व्हिलेजमधली किंवा सॅन फ्रान्सिस्कोच्या नॉर्थ बीचवरची कॅफे ट्रिएस्ते (स्थापना १९५६) यांसारखी कवी-गायकांची कॉफीहाउसं निराळी. लिहिलं गेलं ते बहुतेक त्यांच्याबद्दल. टॅक्सीवाले, नर्सेस, टायपिस्ट आणि निवृत्त माणसं बसायची ती मात्र साध्या काउंटरवर.

गिऱ्हाइकाची तहान युद्धातूनच आली होती. नोव्हेंबर १९४२ ते जुलै १९४३ या काळात कॉफीवर रेशनिंग होतं, पाच आठवड्यांना प्रौढ माणशी एक पौंड. ते उठल्यावर आणि सैनिक घरी परतल्यावर कॉफी पिण्याचा उच्चांक झाला. १९४६ मध्ये दरडोई ४६ गॅलन, म्हणजे लहान मुलं धरूनसुद्धा माणशी रोज अर्धा लिटरच्या आसपास. १९५२ मध्ये लॅटिन अमेरिकेतल्या कॉफी पिकवणाऱ्या देशांच्या पॅन-अमेरिकन कॉफी ब्यूरोने ‘कॉफी ब्रेक’ची जाहिरात देशभर केली. चारच वर्षांत हा ब्रेक कोर्टात पोहोचला. डेन्व्हरमध्ये हातमागावर नेकटाय विणून घेणाऱ्या एका कारखान्याने बायकांना पंधरा मिनिटांच्या दोन सुट्ट्या दिल्या, पण त्या वेळेचा पगार कापला. सुट्टीमुळे काम वाढतं, म्हणजे फायदा मालकाचा होतो, तेव्हा पगार मालकानेच द्यायचा, असा निकाल १९५६ मध्ये अपील कोर्टाने दिला. बसण्याच्या वेळेलाही किंमत असते आणि ती कुणी भरायची हे ठरवता येतं, हे इथे कायद्याच्या भाषेत आलं.

दुकानाचा हिशोब खरा सुटतो तो घड्याळात. दुपारी साडेबाराला एक स्टूल अडून राहिलं तर हॅम्बर्गर आणि पाय खाणारं गिऱ्हाईक दारातून परत जातं. दुपारी तीनला किंवा पहाटे दोनला तेच स्टूल रिकामं असलं तरी भाडं, दिवे, तव्याचा गॅस आणि माणसांचा पगार चालूच असतो. तेव्हा त्यावर कुणी दहा सेंटांची कॉफी घेऊन बसलं तर मालकाचा तोटा फक्त ओतलेल्या कॉफीचा. उलट भरलेलं काउंटर पाहून रस्त्यावरचा आणखी एक आत येतो. म्हणून गर्दीच्या तीन तासांत वेट्रेस बिल पटकन टेबलावर ठेवायची आणि उरलेल्या एकवीस तासांत कप भरत राहायची. फुकट रिफिल ही रिकाम्या तासांची सवलत होती. दिवसभर एकच नियम लावून इथे भागत नाही. सदा मोकळीक दिली की जेवणाचा धंदा बुडतो आणि सदा घाई केली की तीन वाजता दुकान ओस पडतं.

दुसरी किल्ली काउंटरची. चार जणांच्या बूथमध्ये, म्हणजे समोरासमोर बाकं असलेल्या कप्प्यात, एकटा माणूस बसला की तीन जागा वाया जातात, म्हणून बूथवाल्या दुकानाला एकटं गिऱ्हाईक नकोसं होतं. काउंटरवर दर दोन फुटांना एक स्टूल. तिथे एकटा हाच नेमका हवा असलेला गिऱ्हाईक असतो. काउंटर सरळ असेल तर सगळ्यांची तोंडं तव्याकडे होतात आणि बोलणं शेजाऱ्यापुरतं उरतं. तेच इंग्रजी यू अक्षरासारखं वळवलं की समोर सहा फुटांवर अनोळखी चेहरे येतात. मधल्या मोकळ्या जागेत एकच वेट्रेस दोन पावलांत दहा-बारा जणांना गाठते, आणि संभाषणाचा धागाही तिच्याच हातात राहतो. एकाचं बोलणं दुसऱ्याला जोडून देणं हे तिचं न लिहिलेलं काम होतं. ‘ड्रॉ वन’ अशी आरोळी आली की एक कॉफी, हे काउंटरवरच्या प्रत्येकाला कळायचं.

लॉस एंजेलिसमध्ये या मांडणीला वास्तुशिल्पाचं रूप आलं. जॉन लॉटनर यांनी १९४९ मध्ये ‘गूगीज’ नावाचं कॉफी शॉप बांधलं. १९५२ मध्ये समीक्षक डग्लस हॅस्केल यांनी त्या नावावरून ‘गूगी’ हा शब्द या शैलीला चिकटवला, तोही हेटाळणीच्या सुरात. आर्मेट आणि डेव्हिस या जोडीने नॉर्म्स, पॅन्स अशी दुकानं घडवली. त्यांची तिरकी छपरं आणि अवाढव्य पाट्या सगळ्यांना दिसतात, पण मला त्यांच्या दोन गोष्टी अधिक मोलाच्या वाटतात. एक म्हणजे जमिनीवर न टेकता काउंटरच्या आधारावर पुढे काढलेली स्टुलं. खाली पाय नसल्याने फरशी सरळ पुसता येते आणि चोवीस तास उघडं असलेलं दुकान बंद न करता स्वच्छ राहतं. दुसरी म्हणजे जमिनीपासून छतापर्यंतची काच. रात्री अकराला कामाची पाळी संपवून निघालेल्या बाईला आत कोण बसलंय, वेट्रेस आहे की नाही, रिकामी जागा दाराजवळ आहे की कोपऱ्यात, हे आत पाऊल टाकण्याआधी दिसायचं. बारचं तसं नव्हतं. काळोख्या काचा, दारूचा परवाना, वयाची अट, आणि एकट्या बाईकडे पाहण्याची ती नजर. मालकाची बायको किंवा मुलगी असल्याशिवाय बाईला बारमागे काम करायला बंदी घालणारा मिशिगनचा कायदा सर्वोच्च न्यायालयाने १९४८ मध्ये वैध ठरवला होता. परवाना लागत नाही आणि रस्त्यावरून आत दिसतं, या दोन साध्या गोष्टींनी बायकांना आणि पोरांना कॉफी शॉप मोकळं केलं.

डेनीज या उपाहारगृहांच्या साखळीची सुरुवात १९५३ मध्ये लॉस एंजेलिसजवळच्या लेकवुड या उपनगरात डोनटच्या दुकानाने झाली, हेही ध्यानात घेण्याजोगं आहे. लेकवुडमध्ये तीन वर्षांत साडेसतरा हजार घरं उभी राहिली. इतक्या घरांतली इतकी माणसं अचानक एकमेकांची शेजारी झाली. प्रत्येकाला अंगण मिळालं, गाडी मिळाली, पण पायी जाऊन टेकायचा कोपरा नव्हता. जमीन स्वस्त होती, त्यामुळे हमरस्त्याला लागून मोठं दुकान काढणं परवडत होतं. खुर्चीच्या भाड्याचा पहिला वाटा या स्वस्त जमिनीने उचलला.

दुसरा वाटा कॉफीनेच उचलला आणि त्यात ती बिघडली. जुलै १९५३ च्या थंडीच्या कडाक्याने ब्राझीलमधले मळे होरपळले आणि पुढच्या वर्षी भाव भडकले. कपाचे दहा सेंट वाढवायची हिंमत बहुतेक मालकांना होईना, मग त्यांनी पौंडातून चाळीसऐवजी साठ आणि त्याहून अधिक कप काढले. इथे काय होतं ते समजून घ्यावं. कॉफीच्या पुडीचा सुमारे १८ ते २२ टक्के भाग पाण्यात उतरला की चव साधते. १९५२ मध्ये स्थापन झालेल्या कॉफी ब्रूइंग इन्स्टिट्यूटमध्ये अर्नेस्ट लॉकहार्ट यांनी ही मर्यादा मोजून मांडली. कमी पुडीवर जास्त पाणी सोडलं की कप पातळ होतोच, शिवाय तीच पुडी जास्त पिळली जाऊन २२ टक्क्यांच्या पुढचा कडू, तुरट भाग उतरतो. पाणचट आणि कडू एकाच वेळी, असा तो कप. वर तापत्या प्लेटवर ठेवलेलं काचेचं भांडं. वीस-तीस मिनिटांत सुगंध उडतो, कॉफीतली आम्लं फुटून चव तुरट होते, आणि तळाशी उरलेली दोन बोटं कॉफी करपते. अमेरिकन लोकांना चांगल्या कॉफीची जाण नव्हती, असं नंतरच्या पिढीने खुशाल म्हटलं. मला तो आरोप अन्यायाचा वाटतो. त्या कपाच्या दहा सेंटांत बसण्याचं भाडं मिसळलेलं होतं आणि भाडं वाढलं की कॉफी कमी व्हायची.

तिसरा आणि सगळ्यात जड वाटा वेट्रेसने भरला. गिऱ्हाईक दोन तास बसलं तर तिची एक जागा दोन तास अडली, आणि टिप मात्र एकाच कॉफीवरची. त्याचा चौथा कप भरायला ती चालत जायची, ते चालणं बिलात नव्हतं. केंद्राच्या किमान वेतन कायद्यात उपाहारगृहं १९६६ च्या दुरुस्तीने आली, तीही अर्ध्या मनाने. मालकाने निम्मं वेतन द्यायचं आणि उरलेलं निम्मं टिपेतून आलं असं धरायचं. हा रोख भाग १९९१ पासून तासाला २ डॉलर १३ सेंटांवर गोठलेला आहे. काउंटरवरच्या आपुलकीच्या आठवणी काढताना, ती आपुलकी रोज आठ तास उभ्या पायांवर पुरवणाऱ्या बाईचा हा आकडा शेजारी मांडायला हवा. तो वगळून काढलेली आठवण मला अप्रामाणिक वाटते.

आणि ज्यांना बसूच दिलं नाही त्यांचं काय? १ फेब्रुवारी १९६० रोजी नॉर्थ कॅरोलायनातल्या ग्रीन्सबरो शहरात एझेल ब्लेअर, फ्रँकलिन मॅकेन, जोसेफ मॅकनील आणि डेव्हिड रिचमंड हे चार कृष्णवर्णीय विद्यार्थी वूलवर्थच्या दुकानात गेले. तिथे किरकोळ वस्तू मिळत आणि खाण्याचं काउंटरही होतं. टूथपेस्टसारख्या किरकोळ वस्तू घेतल्या. पैसे घेऊन पावती मिळाली. मग ते काउंटरवर बसले आणि कॉफी मागितली. ती नाकारली गेली, आणि दुकान बंद होईपर्यंत ते बसून राहिले. ते काउंटर सर्वांना खुलं व्हायला जुलैचा शेवटचा आठवडा उजाडला. पैसा एकच, दुकान एकच, माणूसही तोच. भांडण विकत घेण्यावर नव्हतं, बसण्यावर होतं. शार्लटचे पत्रकार हॅरी गोल्डन यांनी १९५० च्या दशकातच हे नेमकं हेरलं होतं. दक्षिणेतल्या गोऱ्यांना कृष्णवर्णीय माणूस बँकेत, दुकानाच्या रांगेत शेजारी उभा चालतो, फक्त बसलेला चालत नाही, तेव्हा शाळांतल्या खुर्च्याच काढून टाका, असा उपरोधिक प्रस्ताव त्यांनी लिहिला होता. १९६४ च्या नागरी हक्क कायद्याने उपाहारगृहांतला भेद बेकायदा ठरवला. तरी ऑगस्ट १९६६ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या टेंडरलॉइन वस्तीतल्या कॉम्प्टन्स कॅफेटेरियात, रात्र काढायला दुसरी जागा नसलेल्या तृतीयपंथी आणि समलिंगी गिऱ्हाइकांना हटवायला पोलीस आले. एकीने पोलिसाच्या अंगावर कॉफी फेकली आणि दंगल उसळली. एवढं सगळं ज्या खुर्चीसाठी झालं, तिला नुसती दुकानदाराची वस्तू म्हणून सोडून देता येत नाही.

पुढे भाडं भरणारे एकेक करून मागे हटले. जमीन महागली. रात्रपाळीचे कारखाने गेले. गाडीतूनच ऑर्डर घ्यायची खिडकी निघाली आणि खुर्चीविना धंदा होतो हे मालकांना कळलं. ऑक्टोबर २०२४ मध्ये डेनीजने दीडशे शाखा बंद करायचं जाहीर केलं. कॉफी मात्र सुधारली आहे, महागही झाली आहे, आणि तिच्यासोबत मिळणारी जागा आक्रसली आहे. २०१४ मध्ये न्यूयॉर्कच्या फ्लशिंग भागात एका मॅकडॉनल्ड्समध्ये कोरियन ज्येष्ठ नागरिक छोट्या कॉफीवर तासन्‌तास बसतात म्हणून पोलीस बोलावले गेले. भिंतीवर वीस मिनिटांच्या मर्यादेची पाटी होती. एप्रिल २०१८ मध्ये फिलाडेल्फियाच्या स्टारबक्समध्ये काही न घेता कुणाची वाट पाहत बसलेल्या दोन कृष्णवर्णीय तरुणांना अटक झाली. त्यावर ओरड झाल्यावर कंपनीने काही न घेताही बसू द्यायचं धोरण आणलं आणि जानेवारी २०२५ मध्ये ते मागे घेतलं. कंपनीवर राग काढून काय होणार? जो खर्च कुणी देत नाही तो ती किती दिवस सोसेल? प्रश्न तो खर्च समाजाने उघडपणे उचलायचा की नाही, हा आहे.

उचलता येतो, याचं उदाहरण न्यूयॉर्कमध्येच आहे. १९६१ च्या बांधकाम नियमावलीने इमारतीपुढे सार्वजनिक चौक सोडणाऱ्या मालकाला जादा मजले दिले. सर्वात दाट विभागांत चौकाच्या एका चौरस फुटामागे दहा चौरस फूट. मालकांनी मजले घेतले आणि चौक ओसाड ठेवले. कठड्यांवर लोखंडी टोकं बसवली, म्हणजे कुणी टेकायला नको. शहरांचे अभ्यासक विल्यम व्हाइट यांनी माणसं कुठे बसतात याचं कॅमेऱ्याने निरीक्षण करून दाखवलं की चौक भरतो तो बसायला जागा असेल तिथे. मग १९७५ मध्ये नियम बदलला. चौकाच्या दर तीस चौरस फुटांमागे एक फूट लांबीचं आसन हवंच. बसण्याची जागा फुटांत मोजून मागता येते, हे यातून शिकायचं.

हाच नियम छताखाली आणावा. नव्या मोठ्या इमारतीच्या तळमजल्यावर रस्त्याला काच असलेली खोली, मोजून ठरवलेली आसनं, त्यात निम्मी काउंटरची, एक स्वच्छतागृह, पिण्याचं पाणी. तिथला कॉफीचा ठेला नाममात्र भाड्याने द्यायचा आणि करारात तीन अटी घालायच्या: लहान कपाची किंमत बांधलेली, गर्दीचे तीन तास सोडून बसण्याला मुदत नाही, आणि काही न घेणाऱ्यालाही एक ठरावीक भाग खुला. काय बिघडेल तेही माहीत आहे. खासगी समारंभ आहे म्हणून दार लावून घेतलं जाईल, दुरुस्तीला नेलेल्या खुर्च्या परत येणार नाहीत, सुरक्षारक्षक चेहरे पाहून आत सोडेल. म्हणून आसनांची संख्या आणि वेळ दारावरच्या पाटीवर हवी. ती मोजून कोणालाही तक्रार करता यावी, आणि दंड मिळालेल्या जादा मजल्यांच्या भाड्याच्या हिशोबात असावा.

उपनगरात अडचण वेगळी आहे. अनेक गावांचे नियम उपाहारगृहाला दर शंभर चौरस फुटांमागे एक गाडी उभी करायची जागा मागतात. दोन हजार चौरस फुटांचं कॉफी शॉप काढायचं तर वीस गाड्या. वळायची जागा धरून गाडीला तीनशे चौरस फूट, म्हणजे सहा हजार चौरस फूट डांबर. दुकानाच्या तिप्पट जमीन आधी घ्या, मग खुर्ची मांडा. बफेलो शहराने २०१७ मध्ये ही सक्ती पूर्ण काढली. कॅलिफोर्नियाने २०२२ च्या कायद्याने मोठ्या बस-रेल्वे थांब्यांपासून अर्ध्या मैलाच्या आत ती रद्द केली. घरांच्या गल्लीत कोपऱ्यावरच्या एका दुकानाला परवानगी देणं ही याच्या पुढची पायरी, आणि तिला विरोध करतात ते बहुधा शेजारीच. आवाज होईल, अनोळखी माणसं येतील म्हणून. रात्री दहाला दुकान बंद होईल ही अट घालून हा विरोध निम्मा कमी करता येतो.

वेट्रेसला पूर्ण पगार द्यायचा तर स्वस्त बैठक टिकणार नाही, हा आक्षेप सर्वात जुना आहे. कॅलिफोर्निया, ओरेगन, वॉशिंग्टन, नेव्हाडा, मिनेसोटा, मोंटाना आणि अलास्का या सात राज्यांत टिप वजा करून वेतन द्यायची मुभा नाही; किमान वेतन पूर्ण, टिप वेगळी. गूगी, नॉर्म्स, डेनीज जिथे जन्मली ते कॅलिफोर्निया या यादीत आहे. तिथे अंड्यांची बशी महाग पडते, आणि पडायला हवी. चौथा कप भरायला चालत येणाऱ्या बाईच्या मजुरीची जागा मेन्यूवर छापलेल्या किमतीत आहे.